नाव ठेवायचा हक्क

बुधवार, ३० एप्रिल

लिही. मी बोलते तस्सं लिही. तुझी शाळा मध्ये घुसडू नकोस.

हे वहिनीला सांगितलं. वहिनी म्हणजे माझ्या गेलेल्या थोरल्या भावाची बायको. तिला अक्षर येतं, मला नाही. लहानपणी माझ्या हातात कापडासाठी तुतीची साल कुटायचा दांडका आला, तिच्या हातात पाटी. म्हणून वही माझी आणि हात तिचा. आमच्या तोंगात, या बेटांच्या देशात, भाऊ कितीही थोरला असो, बहीण त्याच्या वरची. आणि भावजय? ती चुलीपाशी! हे लिहिताना तिने नाक मुरडलं. मुरडू दे. मुरडलेल्या नाकाचा आवाज वहीत येत नाही.

वही कशाला? कारण भाचेसुनेकडे वही आहे. माझा भाचा सोसाइया — वहिनीचा एकुलता एक, देवाने फार उशिरा दिलेला — त्याची बायको ऑकलंडहून पोट घेऊन आली. पहिलटकरीण. मुलगी आहे म्हणे, यंत्रात दिसली. येताना हिने दोन वस्तू आणल्या. एक वही, तिच्यात पोटातल्या पोरीला आज काय वाटलं ते लिहिते! आणि एक जाडजूड पुस्तक. नावांच्या अर्थांचं.

तिला वही, मग मला का नको? मी तर जन्मून चौऱ्याऐंशी वर्षं झाली. मला तिच्या पोरीपेक्षा जास्त काही वाटलं असेल.

वहिनीला नाव आहे, पण मी ते घेत नाही. ती पार उत्तरेच्या नियुआफोउची, पोटात आग असलेल्या बेटाची. तिथे एक पक्षी आहे. गरम वाळूत अंडं पुरतो आणि चालता होतो. पिल्लू आपलं आपण वाळू उकरून वर येतं. त्या पक्ष्याचं नाव हिला ठेवलेलं! अंडं टाकून पळणाऱ्याचं! लग्नात पाद्रीबाबांनी ते उच्चारलं आणि मी अशी फिसकन हसले की त्यांची प्रार्थना अडली. त्या दिवसापासून ‘वहिनी’. तीही मला ‘वन्सं’ म्हणते. पन्नासाच्या वर वर्षं झाली, दोघींचं काही अडलं नाही.

गुरुवार, १ मे

आज भाचेसुनेने विचारलं, “आत्याबाई, तुमच्या नावाचा अर्थ काय हो?”

“उरलंसुरलं,” मी म्हटलं.

तिला वाटलं थट्टा. खीखी हसली आणि पुस्तक उघडून बसली. सापडेना. सापडेल कसं? तोएंगा म्हणजे पंगत उठल्यावर पातेल्याच्या बुडाशी राहतं ते. कुत्र्याला घालायचं. कोणता छापखाना असलं छापेल?

“खरंच? असं कोण ठेवेल?”

“माझी आत्या. नाव आत्याच ठेवते, ठाऊक नाही?”

पुस्तक मिटलं तिने. ठाऊक आहे तिला. सोसाइयाला बहीण नाही, म्हणजे पोरीला आत्या नाही, म्हणजे हक्क बापाच्या आत्याचा. म्हणजे माझा. सोसाइयाचं नावही मीच ठेवलंय. पण ऑकलंडच्या पाण्याने माणसं विसराळू होतात.

तिचं नाव ब्रियाना. पुस्तकात त्याचा अर्थ ‘उंच, उदात्त’. उभी राहिली की माझ्या खांद्याला लागते! तिच्या आईने ते टीव्हीवरच्या कुठल्या मालिकेतून उचललेलं, हे तिनेच सांगितलं. नाव सोनुबाई, हाती कथलाचा वाळा.

म्हणे, नावाला सुंदर अर्थ हवा. अगं, अर्थ काय चाटायचाय? नावाला घडलेली गोष्ट लागते. आमच्या गल्लीत अफा आहे, अफा म्हणजे वादळ. छप्पर उडालं त्या दिवशी जन्मला. त्याच्या पलीकडे एक बाई, नाव पासपोर्ट. बापाचा पासपोर्ट आला त्याच दिवशी झाली. बाप गेला तो गेलाच. पासपोर्ट मात्र इथेच, चर्चमध्ये बेसूर गाते. तिला हाक मारली की अख्ख्या गावाला तो पळपुटा आठवतो. हे काम पुस्तकातलं नाव करील? नाव म्हणजे विसरू नये म्हणून मारलेली गाठ. गाठीला कोण अर्थ विचारतं?

आणि आडनाव! ते तर आमच्या आजोबांना नव्हतंच. बापाचं नाव सांगितलं की झालं. मग पोरं परदेशी निघाली, तिथले साहेब आडनाव मागायला लागले. माझ्या एका चुलतभावाने बापाचं नाव दिलं, दुसऱ्याने आजोबांचं, तिसऱ्याने घाबरून गावाचं. सख्खे भाऊ, तीन आडनावं! सोसाइयाचं आडनाव माका. दगड. भाचेसून तिकडे सगळ्यांना सांगते, खडकासारखे ठाम लोक आम्ही. ठाम! मूळचा माका म्हणजे माझा पणजोबा. बायको हाका मारमारून दमायची, हा हूं की चूं करायचा नाही. म्हणून दगड. सोसाइयाला हाक मारून बघा. आडनाव चोख उतरलंय.

शुक्रवार, २ मे

भाचेसून दुपारभर पुस्तक उशाला घेऊन झोपली. अर्थ आपोआप डोक्यात झिरपत असतील.

शनिवार, ३ मे

उद्या फाकामे, मुलांचा रविवार. गावात शिंपिणीला पांढरे कपडे शिवून श्वास घ्यायला फुरसत नाही. आमच्या घरी आज चटया उन्हात टाकल्या. वहिनीनं तिच्या आईची चटईही काढली.

त्या चटईबद्दल लिही. लिही म्हणते ना! केवड्याची पानं केसांइतकी बारीक चिरून विणलेली, रेशमासारखी मऊ. नियुआफोउचा डोंगर फुटला, सरकारने सगळं बेट रिकामं केलं, माणसांना बोटीत भरलं. तेव्हा हिच्या आईने दोनच गोष्टी उचलल्या. पोटातली ही आणि काखेतली ती चटई. बोटीतच ही जन्मली, त्याच चटईवर. तिच्या माहेरचं तेवढंच शिल्लक. माझा त्या चटईवर डोळा आहे, लपवायचं काय त्यात? नणंदेचा हक्कच आहे. मागत नाही इतकंच. वहिनी मेली की आपसूक माझ्याकडे येईल. वहिनी म्हणते, “वन्सं, तुम्ही माझ्याहून सहा वर्षांनी मोठ्या आहात.” बघू!

तर संध्याकाळी सोसाइया आला. मांडी घातली, घसा खाकरला.

“आत्या, आम्ही एक विचार करत होतो.”

विचार करणं हे त्याने बायकोकडून आणलंय.

“तिकडे हल्ली आईबापच नाव ठेवतात. तर... आम्ही ठेवलं तर चालेल? आपलंच आहे, तोंगन. लोतोमोआना.”

“म्हणजे सागराचं अंतःकरण,” भाचेसून मागून म्हणाली. पुस्तक छातीशी. डोळ्यांत पाणी.

न विचारता ठरवून मोकळे झाले आणि वर मला विचारताहेत. माझा हक्क म्हणजे जणू पानाच्या कडेची चटणी, लावली तर लावली.

मी म्हटलं, “छान आहे हो.”

दोघांचे चेहरे फुलले. वहिनीला विचारा, ‘छान’ हा शब्द मी उगाच खर्च करत नाही.

एक गोष्ट मला ठाऊक आहे. ती आज लिहायला सांगणार नाही. लिहिणारीचं मन मऊ आहे, लगेच उठून पोरांना सांगायला जाईल. वहिनी विचारतेय, “कुठली गोष्ट, वन्सं?”

लिही नुसतं.

सोमवार, ५ मे

काल लिहिता आलं नाही. रविवारी वहिनी पेनाला हात लावत नाही, देव बघतो म्हणते. देवाला काल बघायला दुसरं पुष्कळ होतं.

सकाळी चर्चमध्ये पोरांनी पाठ केलेली वचनं म्हटली. अर्धी विसरली, आया बाकांवरून ओठ हलवत होत्या. मग जेवण. भाजलेली डुकरं, अळूच्या पानात नारळाच्या दुधात शिजलेलं मांस, कोनफळं, नीरफणस. आणि मधोमध केक! राजधानीतल्या, नुकुअलोफाच्या बेकरीतून शनिवारीच आणून लपवलेला. निळ्या साखरेच्या लाटा आणि लाटांवर पांढरी अक्षरं. मला अक्षरं कळत नाहीत, पण लोकांच्या मानेवरून कळलं. वाचत होते आणि माना हळूहळू इसिलेलीकडे वळत होत्या. म्हाताऱ्यांच्या माना. तरुण आपले खात होते.

इसिलेली आमच्या समोरच राहतो, रस्त्यापलीकडे. माझ्याहून थोडा लहान.

सोसाइया उभा राहिला. हातात सुरी. “आमच्या लेकीसाठी आम्हाला नाव सापडलं, लोतोमोआना,” म्हणाला. भाचेसुनेने टाळ्या वाजवल्या. एकटीनेच.

इसिलेलीने हातातला घास पानात ठेवला.

“तुला ते सापडलं का, पोरा?”

“काय, काका?”

“नाव सापडलं म्हणतोस. मग माझा भाऊ कुठाय?”

भाचेसून पुटपुटली, “पुस्तकात होतं...”

“पुस्तकात? आम्ही समुद्रात शोधत होतो.”

उठला. त्याच्यामागे त्याची लेक, जावई, नातवंडं, सगळी ओळ उठली. पानं भरलेली तशीच. त्याच्या घरचं एक पोर केककडे वळून वळून बघत गेलं.

केक कुणी कापला नाही. मुंग्यांनी सुरुवात केली.

मंगळवार, ६ मे

आता ती गोष्ट लिही.

मी आठ वर्षांची होते. इसिलेलीचा बाप, काका आणि थोरला भाऊ मासे मारायला गेले ते आले नाहीत. थोरल्याचं नाव लोतोमोआना. तेव्हा गावच्या बायका किनाऱ्यावर उभ्या राहून तेच नाव हाकारत होत्या. बापाचं नाही, काकाचं नाही. तिघांत तोच लहान होता, म्हणून त्याचंच. माझी आईही हाकारत होती, मी तिच्या झग्याला धरून. मग एक दिवस हाका थांबल्या. त्याच्या आईने सांगितलं, नाव समुद्रात आहे, तो परत येईपर्यंत कुणाला द्यायचं नाही. दिलंही नाही. त्या घरात मग किती पोरं झाली! गावानेही ते तोंडावर आणलं नाही. वहिनी नंतर सून होऊन आली, तिला कुठून ठाऊक? ठाऊक असलेले आम्ही चारपाचच उरलोत.

हो, मला ठाऊक होतं. शनिवारी, त्याने नाव सांगितलं तेव्हाच.

इथे वहिनीचं पेन थांबलं. माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, बघतेस काय, लिही. लिहिलं.

माझ्याकडून हक्क काढून घेतला, मग खड्डाही त्यांचा त्यांनी बघायचा. पुस्तकात बघायचा!

वहिनी वही मिटतेय.

गुरुवार, ८ मे

काल वहिनीने लिहिलं नाही. पाठ दुखते म्हणाली. पाठ दुखण्याचं कारण आज लिहून घेते. स्वतःबद्दल आहे म्हणून गाळायचं नाही, वहिनी.

माफी मागायला जायला हवं होतं सोसाइयाने. मला विचारतो, “आत्या, मेसेज पाठवला तर चालेल का? चांगला मोठा लिहितो.” दगड! भाचेसून दार लावून रडत होती. एवढं पोट घेऊन तिला उन्हात कोण बसवणार?

तर काल सकाळी बघते तो वहिनी आवारात. अंगात काळं, कमरेला जुनी फाटकी चटई, मयतात सगळ्यांत खालच्या मानाच्या माणसाने गुंडाळावी तसली. गळ्यात ईफीच्या पानांची माळ. आमच्यात ही माळ घालून कुणाच्या दारात बसलं की बोलायला लागत नाही. चुकलो, मारा नाहीतर सोडा, एवढाच त्याचा अर्थ.

“कुठे निघालीस?” मी विचारलं.

“तुम्हाला ठाऊक आहे, वन्सं.”

काखेत तिच्या आईची चटई.

“ती कशाला? दुसरी ने. माझी ने, कपाटातली.”

“तुमची कशी नेऊ? चूक आमच्या घराची.”

‘आमच्या घराची’ म्हणाली. मी कुठल्या घरची मग?

रस्ता ओलांडून इसिलेलीच्या आवारात गेली आणि जमिनीवर बसली. मान खाली, चटई समोर. मी ओसरीवर. इथून सगळं दिसतं, हीच तर या ओसरीची खोड. इसिलेलीचं दार बंद. ऊन चढलं. कोंबड्या तिच्याभोवती फिरायला लागल्या. अफा रस्त्याने जात होता, त्याने टोपी काढली. पासपोर्ट कुंपणाशी येऊन उभी राहिली, पहिल्यांदाच तिचं तोंड बंद दिसलं. सोसाइया माझ्या शेजारी येऊन बसला, मग उठला, मग बसला.

“आत्या, आईला परत बोलाव ना.”

“माळ तुझ्या गळ्यातली आहे ती,” मी म्हटलं. “तुझ्या आईने घातलीय इतकंच.”

तेव्हा कुठे दगड हलला. गेला, आईच्या मागे जाऊन बसला, मांडी घालून, डोकं खाली. मग दार उघडलं. इसिलेली आला. वहिनीच्या गळ्यातली माळ काढली, बाजूला टाकली. म्हणजे मिटलं. चटई उचलून आत नेली. आत नेताना तिच्यावर हात फिरवत होता, मी बघितलं. जाणकार आहे मेला.

“नाव आमचं आमच्याकडे,” म्हणाला. “पोरीला आयुष्य मिळो.”

वहिनीला उठता येईना, गुडघे धरले होते. सोसाइयाने उचलून आणली. इकडे आल्यावर ती सरळ चुलीपाशी गेली आणि अळू चिरायला बसली.

मी म्हटलं, “एक चटई होती, तीही घालवलीस.”

“हो, वन्सं.”

एवढंच. मी भांडायला बसले होते आणि ही ‘हो’ म्हणते!

शुक्रवार, ९ मे

वहिनी विचारल्याशिवाय बोलत नाही. सुख आहे.

मंगळवार, १३ मे

सुख कसलं! दिवसभर नुसता विळीचा आवाज.

पोरांनी नाव सोडलं. पुस्तक सुटकेसच्या तळाशी गेलं. हक्क मुकाट्याने माझ्याकडे आला, पळालेलं डुक्कर संध्याकाळी येतं तसा. पण काल भिंतीपलीकडून ऐकलं, भाचेसून वहिनीला विचारत होती, “आत्याबाई माझ्या पोरीला काहीतरी घाणेरडं नाव देतील ना? त्यांच्यासारखं? सूड म्हणून?” वहिनी काय म्हणाली ते ऐकू आलं नाही. मुद्दाम हळू बोलते.

विचारलीच आहे तर माझ्या नावाची गोष्ट सांगते.

माझे आजोबा वारले. मयतात मान आत्याचा, ती मृताची थोरली लेक. तिने उशाशी बसायचं, उत्तम चटया तिच्या, सगळ्यांत मोठं डुक्कर तिचं. पण त्या दिवशी कुणी बडा पाहुणा आला आणि माझ्या बापाने लाळघोटेपणा करून मोठं डुक्कर त्याच्यापुढे ठेवलं. आत्यापुढे आली मान आणि थोडी आतडी. आत्याने ते खाल्लं नाही. पुढच्याच महिन्यात मी जन्मले. आत्या आली, मला उचललं, “हिचं नाव तोएंगा,” म्हणाली, आणि खाली ठेवून निघून गेली. झालं! आत्याचं नाव मोडायची कुणाची छाती? मग बापाला जन्मभर रोज हाक मारावी लागली, उरलंसुरलं, इकडे ये. उरलंसुरलं, पाणी आण. प्रत्येक हाकेला त्याला ते डुक्कर आठवायचं. आत्याने असा सूड घेतला की बाप मरेपर्यंत पुरला.

आणि मला? मला कुणी विचारलं नाही. शाळेच्या दारातून एकदाच आत गेले होते. मास्तरांनी नाव विचारलं, मी सांगितलं, सगळा वर्ग हसला. दुसऱ्या दिवसापासून साल कुटायला बसले. कुटताना दांडक्याचा आवाज एवढा होतो की कुणी हसलेलं ऐकू येत नाही.

हे कशाला लिहितेस? बरं, लिहिलंस तर राहू दे.

तर माझं ठरलंय. सूडच असेल तर नीट घ्यावा. पोरीचं नाव केके. म्हणजे आमच्या बोलीत केक! गावासमोर मांडलेला, कुणी न खाल्लेला, मुंग्यांनी नेलेला. पुढची सत्तर वर्षं जो तो विचारील, केक का गं? आणि तिला सांगावं लागेल, माझ्या आईबापांनी आत्याला डावललं म्हणून. माझी आत्या असती तर मांडीवर थाप मारून हसली असती.

मीही हसले. वहिनी हसली नाही. लिहिलं मात्र. ‘केके’ ठळक लिहिलंस का? लिहिलं म्हणते.

गुरुवार, १५ मे

इसिलेलीच्या घरी चटया उन्हात टाकल्या होत्या. तीही होती. वहिनी दिवसभर पाठमोरी बसून काम करत राहिली.

मंगळवार, २० मे

झाली! पहाटे नुकुअलोफाच्या इस्पितळात. मुलगी, धडधाकट, केस खांद्यापर्यंत आहेत म्हणे. सोसाइयाचा फोन आला, रडत होता. दगडाला पाझर फुटला.

दुपारी आम्ही दोघी अफाच्या गाडीतून गेलो. भाचेसुनेचा चेहरा उतरलेला. मी खाटेपाशी गेले तशी तिने बाळाला जरा जास्तच घट्ट धरलं. मांजर पिल्लाला धरतं तशी. मला हसू आलं. मग आलं नाही.

“घ्या, आत्याबाई,” म्हणाली. दुपटं सारखं केलं आणि दिलं. मानलं! ऑकलंडची असली तरी दिलं.

पोरगी मला बघून जांभई देते. अक्कल आहे.

तोंडावर यायला तयार होतं नाव. सगळे वाट बघत होते. सोसाइया भिंतीला टेकलेला. मी वहिनीकडे बघितलं. ती बाळाकडे बघत नव्हती, खाटेखाली पडलेला टॉवेल घडी करत होती. तिला आपलं काही मिळेल असं या घरात कधी वाटलंच नाही, म्हणून ती नेहमी काहीतरी घडी करत असते. गेल्या पन्नास वर्षांत या घरात झालेल्या पोरांना माझ्या बापाची नावं मिळाली, भावाची मिळाली, माझ्या आत्याचंसुद्धा मिळालं. चुलीपाशीच्या बाईचं नाव कोण कुणाला देतं?

“नंतर सांगते,” मी म्हटलं. “घाई आहे का? पुस्तकवाल्यांना असते घाई.”

परत येताना गाडीत वहिनी म्हणाली, “केके सांगितलं नाही ते?”

बारा-तेरा दिवसांनी आपणहून बोलली. मी उत्तर दिलं नाही. मलाही जमतं.

गुरुवार, २२ मे

लिही, ठळक. मग पान फाडून सोसाइयाला पाठव. रविवारी पाद्रीबाबांना द्यायचंय.

पोरीच्या आत्याआजीने, तोएंगाने, ठेवलेलं नाव — मालाऊ.

थांबलीस का? हो, तोच. वाळूत अंडं पुरणारा. दुसरी कुणी आहे का गावात त्या नावाची? भाचेसुनेला सांग, पुस्तकात शोधू नकोस, गोष्ट चुलीपाशी बसलीय, तिला विचार. आणि आता मला रोज ओसरीवरून हे नाव घेऊन हाका माराव्या लागणार, दोघी एकदम ‘ओ’ देऊ नका.

पान फाडू नकोस अजून. आधी वाच.

मोठ्याने. मला वाचता येत नाही ना!